खुशालीच्या दोन रिंगा

आई फडक्याने रिसीव्हर पुसत होती, तेवढ्यात फोन वाजला. दचकून तिने तो पहिल्याच रिंगला उचलला आणि जीभ चावली. फोन उचलायचा नाही, असं ठरलं होतं ना!

लेकीच्या लग्नानंतर जावयानेच ही शक्कल काढली होती. लांबचा फोन म्हणजे बिल फुगणार. त्यापेक्षा लेकीने दोन रिंगा देऊन ठेवून द्यायचं. इकडे समजायचं, पोर खुशाल आहे. लेकीच्या वडिलांना, शिंपीकाम करणाऱ्या मास्तरांना, ही युक्ती इतकी पटली, की कपडे शिवायला टाकणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला ते सांगत, "जावई नाही, हिरा मिळालाय हिरा!" दोन रिंगा वाजून थांबल्या की आईचा जीव भांड्यात पडे. हल्ली तर त्या रोज वाजत. पोरीला माहेरची भारी ओढ, असं ती शेजारणीला कौतुकाने ऐकवी.

"आई?" पलीकडून लेक कुजबुजली. "उचललास तू? आई, मला घेऊन जा इथून. रोज लावते गं मी. दोन रिंगा झाल्या की हे हात घालून बंद करतात. आई, हे मला..."

काहीतरी आपटलं. फोन बंद झाला.

आईने लगेच नंबर फिरवला. जावयाने उचलला. आवाज नेहमीसारखाच गोड.

"खुशाल आहे ती. लाइन खराब आहे, ठेवतो हं."

"तिला द्या ना जरा. एकच मिनिट..."

ठेवलासुद्धा. पुन्हा लावला, तर एंगेज. पुन्हा एंगेज. ती धावत पुढच्या खोलीत, दुकानात आली.

"अहो..."

"काय गं? पांढरीफटक का पडलीस अशी?" मास्तरांनी मशीन थांबवलं.

"आपली पोर..." तिने सुरुवात केली. इतक्यात आत फोन वाजला. ती वळली, दारातल्या पाटाला ठेचकाळली, तशीच धावली. दुसरी रिंग वाजली. तिने झडप घालून रिसीव्हर कानाला लावला, तेव्हा त्यात नुसती घरघर होती.

"घे, आली खुशाली!" बाहेरून मास्तर म्हणाले. "तूही ना, उगाच जीव टांगणीला लावतेस."

आणि त्यांनी मशीन पुन्हा सुरू केलं.