घराखाली टांगलेले शिंपले

शाळेत तपासणीचं औषध घालून ठेवलेल्या बाटलीतलं पाणी काळंठिक्कर पडलं, तेव्हा अख्खा वर्ग "ईऽऽ!" करून ओरडला. ते पाणी माइलेनने स्वतःच्या घराखालून भरून आणलं होतं. ग्वायाकील शहराच्या खाडीत खांबांवर उभी असलेली त्यांची वस्ती. भरतीचं पाणी थेट फळ्यांखाली येतं.

"मैला असेल तरच काळं होतं," बाई म्हणाल्या.

माइलेनला घर आठवलं. त्याच पाण्यात आईची शिंपल्यांची जाळीची पिशवी टांगलेली होती ना!

तिची आई दियोसेलिना तिवरांच्या मुळांत दंडापर्यंत हात घालून काळे शिंपले काढायची. पण ते अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणात, तेव्हाच ओहोटी लांब जाते आणि चिखल उघडा पडतो. मधल्या, भांगाच्या दिवसांत पाणी धड चढत नाही, धड उतरत नाही. म्हणून वस्तीतल्या बाया आधीच शिंपले पिशवीत भरून घराखाली टांगतात. जिवंत राहतात. राहतात खरे, पण पितात काय? शहराची गटारं, वरच्या कारखान्याचा फेस, वस्तीच्या मैल्याच्या बादल्या, भांगात सगळं तिथल्या तिथे झुलत असतं. आणि बादली ओतताना जो तो म्हणणार, "ओहोटी नेईल."

रविवारी शेजारच्या ओदिलियामावशीच्या नातवाचा बाप्तिस्मा होता. लिंबाच्या रसात कालवलेल्या कच्च्या शिंपल्यांचं सेविचे दियोसेलिनाकडून येणार होतं.

"आई, कच्चे नको देऊस. उकड तरी."

"उकडलेलं सेविचे? लोक माझ्या तोंडावर फेकतील."

"अगं, बाटली काळी झाली!"

"मग बाटली खाऊ नकोस."

झालं, वाद संपला! रविवारी सकाळी माइलेनने सुरी घेतली, खाली उतरली आणि पिशवी टराटरा फाडली. शिंपले बुडाले. जा, खाडीत जा! पण खाडी कुठली नेतेय? भांग होता. शिंपले खांबाशीच गाळात बसले. आईने तिच्याकडे एकदा पाहिलं, कमरेला पदर खोचावा तसा झगा खोचला आणि पाण्यात उतरली. आंधळ्या चिखलात शिंपला शोधण्यात जन्म गेलेले हात ते. पातेलं परत भरलं.

दुपारी ढोल, गाणी, तळलेल्या केळ्यांचा वास. लिंबू-कांद्यात कालवलेले शिंपले वाट्यांत आले. ओदिलियामावशीने चमचा उचलला आणि माइलेन स्टुलावर चढली.

"खाऊ नका! हे गटाराच्या पाण्यात ठेवलेत!"

ढोल थांबला. मावशीचा चमचा हळूच परत वाटीत गेला. मग दुसऱ्या कुणाचा, मग तिसऱ्याचा.

"दियोसेलिना, पोर काय म्हणतेय?" मावशीने विचारलं.

"पोर शिकतेय ना, म्हणून बोलतेय." आईने मोठं पातेलं मांडीवर ओढलं आणि खायला लागली. एकेक शिंपला, नजर लेकीवर.

"आई, बस ना. आई!"

"का? माझ्या हातचं घाण आहे ना? मग माझं मीच खाते."

तिने पातेलं संपवलं. रस्सासुद्धा प्यायली. माइलेन स्टुलावरच उभी होती. तिला उतरायचं सुचलंच नाही.

रात्रभर उलट्या-जुलाब होऊन दुसऱ्या दिवशी सकाळी आईच्या अंगात पाणी म्हणून राहिलं नव्हतं. डोळे खोल गेलेले, बोटं सुरकुतलेली, जणू अजून चिखलातच आहेत. ओदिलियामावशीने तिचं डोकं मांडीवर घेतलं. "तुझ्या पोरीने आम्हाला वाचवलं गं बये, आणि तू हे काय केलंस?" मावशीचा जावई दवाखान्यात न्यायला होडी आणायला गेला होता. माइलेन चमच्याने साखर-मिठाचं पाणी पाजत होती, ते लगेच उलटून बादलीत येत होतं.

"ओहोटी लागली का?" आईने विचारलं.

"लागली," माइलेन खोटंच बोलली.

"मग ओत बादली. नेईल ती."

माइलेन बादली घेऊन फळीवर आली. खाली फेस जागच्या जागी हलत होता. पलीकडच्या प्रत्येक घराखाली पिशव्या टांगलेल्या होत्या, ओळीने, तोंडं उघडून पाणी पिणाऱ्या शिंपल्यांनी भरलेल्या. तिने बादली ओतली नाही. झाकण लावून परत आत आणली.

"ओतली?"

"हो, आई."

"बघ. गेलं ना?"

होडी आली, तेव्हा आईला घाईने उचलायचं कारण उरलं नव्हतं. बादली मात्र कोपऱ्यात तशीच, झाकलेली, काठोकाठ.