गॅब्रियलच्या काळजातला क्रिस्ता

उत्तनच्या बॉस्कोच्या हातांना एक वास यायचा, आणि तो कसला यावर गावात एकमत नव्हतं. कुणी म्हणे मुडद्यांचा, कुणी म्हणे मुडदे टिकवायच्या औषधाचा. मुंबईच्या एका मोठ्या इस्पितळात तो शव फाडायच्या खोलीत शिपाई होता. टेबलं धुवायची, बरण्या भरायच्या, डॉक्टरांनी हात पुढे केला की त्यात जे हवं ते ठेवायचं. सुट्टीला घरी आला की उत्तनची मांजरं, जी बोंबील वाळत टांगलेल्या वलांडीखालून काठीलाही हलत नाहीत, ती आपणहून उठून दुसऱ्या गल्लीत जाऊन बसत.

त्याच्या घराला भिंत लावून बर्नडेट मावशीचं घर. मावशीचा एकुलता मुलगा गॅब्रियल, आणि गॅब्रियलची बायको पॅट्रिशिया. गॅब्रियलबद्दल थोडक्यात सांगायचं तर दुसऱ्याच्या जाळ्यातली सुरमई त्याच्या टोपलीत कशी येते हे त्याला स्वतःलाही कळत नसे. प्यायचा भरपूर. प्याला की बायकोला मारायचा, मात्र खिडक्या लावून, तेवढी जनाची लाज होती. बॉस्को घरी असला की भिंतीपलीकडून सगळं ऐकायचा. तीन वर्षं ऐकलं त्याने. उठून दार एकदाही ठोठावलं नाही, पण मनातल्या मनात पॅट्रिशियाशी लग्न करून तिला सुखात ठेवून झालं होतं.

गॅब्रियलला एक खोड होती, त्याचं काळीज उधळायचं. बसल्या जागी छाती अशी धडधडायची की सदऱ्याचं बटण तुटून उडायचं. एक बटण जाऊन समोरच्या घरातल्या धाकूच्या कोंबड्याच्या डोळ्याला लागलं आणि कोंबडा उरलेलं आयुष्य एका डोळ्याने आरवला, हे अख्ख्या गावाला माहीत आहे. सदुसष्ट सालच्या जानेवारीत ते काळीज असंच उधळलं, दोन दिवस थांबलं नाही, आणि बॉस्कोच्याच इस्पितळात तिसऱ्या सकाळी कायमचं थांबलं.

बॉस्कोला वाईट वाटलं. पुरतं नाही वाटलं.

काळीज उघडलं तेव्हा परात त्याच्याच हातात होती. मोठे डॉक्टर दहा-बारा पोरांना शिकवत होते. उजवीकडचा वरचा कप्पा त्यांनी कात्रीने उघडला, पाकिटासारखा उलटा केला आणि आतल्या भिंतीवर बोट ठेवलं. वरची मोठी शीर जिथे उतरते तिथून खालच्या शिरेपर्यंत मांसाचा एक कंगोरा कमानीसारखा गेला होता. त्याच्या एका अंगाला भिंत बशीसारखी गुळगुळीत, दुसऱ्या अंगाला फणीच्या दातांसारख्या मांसाच्या ओळी.

"क्रिस्ता टर्मिनालिस," डॉक्टर म्हणाले. "नवखा माणूस हा कंगोरा बघून गाठ समजतो आणि घाबरतो. गाठ नाही ही. ह्याच्या वरच्या टोकाशी तांदळाएवढी जागा आहे, तिथून ठोका सुटतो. ऑपरेशन करताना सुरी तिथून लांब ठेवायची. आणि कधीकधी हा कंगोराच मधे खोटे ठोके सोडायला लागतो, मग काळीज पळत सुटतं. ह्याचं तसंच झालं असावं."

बॉस्कोला बाकीचं निम्मं कळलं. नाव मात्र कानात बसलं. क्रिस्ता.

गॅब्रियलला पुरून झाल्यावर आठव्या दिवशी तो मावशीकडे गेला. मावशी खुर्चीत बसली होती, घरात खुर्ची एकच. पॅट्रिशिया चुलीशी जमिनीवर, लग्न झाल्यापासून तिथेच. बॉस्कोचा हिशेब साधा होता. म्हातारीला खूश करायचं, आणि खुशीत असतानाच सून मागून घ्यायची.

"मावशे, एक गोष्ट सांगू? गॅब्रूचं काळीज मी बघितलंय. मोठ्या डॉक्टरने बोट ठेवून दाखवलं. आत क्रिस्ता होता."

मावशीच्या हातातली जपमाळ थांबली. "काय होता?"

"क्रिस्ता. डॉक्टर नाव घेऊन बोलला. क्रिस्ता टर्मिनालिस."

"टर्मिनस म्हंजे शेवटचा स्टेशन न्हाय रं?"

"तसंच काहीतरी."

"म्हंजे क्रिस्त माझ्या पोराच्या काळजात येऊन उतरला," म्हातारी म्हणाली. डोळे पुसून ती उठली आणि गुडघे टेकले. बॉस्कोलाही टेकावे लागले. त्या दिवशी सून मागायची राहून गेली.

त्यानंतर जे झालं ते बॉस्कोच्या हातात राहिलं नाही. महिन्याभरात गॅब्रियलच्या थडग्याशी वाळत घातलेले बोंबील अर्ध्या दिवसात वाळू लागले. शेजारच्या पाली गावातल्या एका मुक्या बाईने थडग्यावरची माती चाटली आणि ती बोलू लागली, ती इतकी की नवऱ्याने चौथ्या दिवशी पुन्हा मुकी करायला आणून बसवली. ज्यांची मासळी गॅब्रियलने पळवली होती ते चारचौघांत छाती काढून सांगू लागले, माझ्या जाळ्यावर संताचा हात पडलाय. आणि पॅट्रिशिया झाली संताची बायको. बायका तिच्या पदराला हात लावून कपाळाला लावत. पहिला पापलेट तिच्या दारात. मावशीला चारचौघांत लाज नको म्हणून दुसरी खुर्ची आणावी लागली. ती पहिलीपेक्षा चांगली निघाली आणि पॅट्रिशिया तिच्यावर बसली.

बॉस्कोला हे दिसलं. आपल्या होणाऱ्या बायकोला लोक मान देतात एवढंच त्याला कळलं.

चर्चमागच्या विहिरीवर त्याने तिला गाठलं. "पॅट्रिशिया, वर्ष होऊ दे. मग मी मावशीला विचारणार हाय. तुला ह्यातून सोडवतो."

तिने कळशी भरली. त्याच्या हातांकडे बघितलं. "बघू," म्हणाली.

त्या 'बघू'वर बॉस्कोने पुढचे सहा महिने काढले. मग वर्षाची वाट न बघता धीर करून मावशीपुढे बोलला. मावशी हसलीसुद्धा नाही.

"संताची बायको विधवा नसते, बॉस्क्या. संत मरत न्हाय. तू मुडदे धुतोस, तुला कळायला पायजे."

तो फादरकडे गेला. फादर म्हातारे, लॅटिन शिकलेले. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "क्रिस्ता म्हणजे ख्रिस्त नव्हे रे बाबा. लॅटिनमध्ये क्रिस्ता म्हणजे तुरा. कोंबड्याचा असतो तो."

"मग सांगा ना, फादर, लोकांना."

"सांगितलं. उन्हाळ्यात एका रविवारी सांगितलं. तेव्हापासून गावात कुणी कोंबडा कापत नाही. तुला पहाटे झोप येते का? मला येत नाही. आता तर चर्चमधला रविवारचा मिस्सासुद्धा मराठीत झाला, लॅटिन बोलणाऱ्याला विचारतो कोण?"

खरंच होतं ते. त्या वर्षी उत्तनमध्ये माणसांपेक्षा कोंबडे जास्त झाले होते आणि पहाटे चार वाजता जो गोंधळ चाले त्याने म्हणे पार नवघर गावात लोक उठत. म्हणूनच गॅब्रियलला वर्ष झाल्याच्या मिस्सानंतर जेवणाला कोंबडा नको असं ठरलं. डुक्कर ठरलं, त्याचं आंबट-तिखट सोरपोतेल.

डुक्कर म्हटल्यावर बॉस्कोच्या डोक्यात उजेड पडला. इस्पितळात पोरांना शिकवायला माणसाचं काळीज कमी पडलं की डुकराचं आणत. आतून तसंच. तोच कप्पा, तीच कमान.

आदल्या संध्याकाळी मावशीच्या ओट्यावर वीसेक माणसं जमली होती. बॉस्को मधे उभा राहिला.

"मावशे, मी चुकीचं बोललो होतो. तो क्रिस्ता सगळ्यांच्या काळजात असतो. तुझ्या, माझ्या. उद्याच्या डुकराच्यापण."

मग धाकू म्हणाला, "डुकराच्या काळजात क्रिस्त. बोलून चालून हा मुडदेवाला."

मावशीने हात वर केला. "दाखवशील?"

"दाखवीन."

"मिस्सावरून आल्यावर, सगळ्यांसमोर. दिसला तर ही पोरगी घेऊन जा, मी आडवी येणार न्हाय. न्हाय दिसला तर जेवायचं आणि निघायचं. परत उत्तनमध्ये पाय ठेवायचा न्हाय. घर बंद."

"चालेल," बॉस्को म्हणाला. पॅट्रिशिया दारात उभी होती. त्याने तिच्याकडे बघून मान हलवली, काळजी नको म्हणून. तिनेही हलवली.

सकाळी डुक्कर त्यानेच कापलं. काळीज हलक्या हाताने काढलं, चार पाण्यांनी धुतलं, झाकणाच्या भांड्यात ठेवलं आणि चुलीशी बसलेल्या पॅट्रिशियाच्या हातात दिलं. अख्ख्या गावात त्याचा विश्वास तिच्यावरच होता.

"हे सांभाळ. मी मिस्साहून येईपर्यंत कुणाला हात लावू देऊ नको."

"कुणाला न्हाय देत," ती म्हणाली.

मिस्सा लांबला. परत आल्यावर अंगणात मधे टेबल लावलं. बॉस्कोने इस्पितळातली कात्री खिशातून काढली, बाह्या वर केल्या. म्हातारी आपल्या खुर्चीत, लोक गोल करून. पॅट्रिशिया भांडं घेऊन आली, टेबलावर ठेवून आपल्या खुर्चीत जाऊन बसली. त्याने झाकण काढलं.

भांडं घासून लख्ख होतं.

"काळीज कुठंय?" त्याने विचारलं.

"सोरपोतेलात," पॅट्रिशिया म्हणाली. "लिव्हर घातलं, काळीज घातलं, शिरका घातला. काळजाशिवाय सोरपोतेल कसं करायचं?"

आधी एक बाई हसली. मग ओटा हसला, मग अंगण. धाकू इतका हसला की त्याला पाणी द्यावं लागलं. बर्नडेट मावशी हसली नाही. ती सुनेकडे बघत राहिली. ह्या घरात आता कुठली खुर्ची मोठी हे तिला तेव्हा कळलं असावं.

पॅट्रिशिया स्वतः वाढायला उठली. पहिली बशी बॉस्कोची. तळलेल्या पिठाचे चार फुगे आणि वर सोरपोतेल. वाकून वाढताना ती त्याच्या कानाशी हळूच बोलली.

"भिंत एकच होती, बॉस्को."

"पॅट्रिशिया, मी तुला सोडवायलाच..."

"तीन वर्षं खोकायचास तू पलीकडे. तुझा खोकला ऐकू यायचा मला. एकदा दार वाजवलं असतंस तर आज काळीज बशीत घातलं नसतं, हातात दिलं असतं." तिने पदर सावरला. "जिवंत होता तेव्हा मारलं मला त्याने. आता मेलाय तर त्याचं नाव पोसू दे मला. तुझ्याकडे येऊन काय करू? तुझ्या हातांचा वास धुऊ?"

आणि मग मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल असं, "मीठ बरोबर हाय का सांग."

बॉस्कोने बशीत बघितलं. सगळे तुकडे बोटाच्या पेराएवढे, बारीक चिरलेले. त्यात एकच मोठा, मुद्दाम ठेवलेला. त्याने तो उचलला. मसाल्याने लाल आणि शिरक्याने काळा पडला होता, पण बॉस्कोच्या हाताला तो ओळखीचा. एक अंग गुळगुळीत, दुसऱ्या अंगाला फणीचे दात, आणि मधे तो कंगोरा.

"हा बघा," तो उभा राहून म्हणाला. "हाच तो. हाच."

लोकांनी माना पुढे केल्या. त्याच्या बोटांतून तिखट तेल कोपरापर्यंत ओघळलं.

"मटणाचा तुकडा हाय तो," धाकू म्हणाला.

म्हातारी उठली, जवळ आली, नीट बघितलं. बघायला पुरेसा वेळ घेतला तिने. मग सुनेच्या खुर्चीकडे बघितलं, मग अंगणातल्या लोकांकडे, टोपल्या भरून पापलेट घेऊन आलेल्यांकडे.

"मला काय दिसत न्हाय," ती म्हणाली. "खा आणि नीघ."

सगळे त्याच्याकडे बघत होते, पॅट्रिशियाही, हातात डाव घेऊन. बॉस्कोने तुकडा तोंडात घातला. जिभेने त्याला कंगोरा लागला, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत. छान शिजला होता. त्याने चावला आणि गिळला.

"मीठ?" पॅट्रिशियाने विचारलं.

"बरोबर हाय," बॉस्को म्हणाला, आणि कात्री खिशात घालायला लागला.