गोजर चिमाजीचा दाखला

साधनाबाईनं मला शाळंत बोलावलं, इतिहास सांगायला. निरगुडसरची पोर, आमच्या वाडीवर सात वर्सं शिकवतीय. पोरं चारच उरली म्हणून सोमवारपासनं शाळा बंद. ती चौघं आता खालच्या गावच्या शाळंत जायची. आन साहेबाला म्हणं शाळंचा पानभर इतिहास पायजे. शाळा जित्ती व्हती तवर कुणी इचारलं न्हाई.

"आजी, ही शाळा कुणी बांधली?"

"आमीच की. खालच्या शाळंत डोंगरातल्या पोरांना बाहेर वट्यावर बसवायचे, पावसातबी. माझा बाप चिमाजी म्हणला, आता बास. बायांनी वढ्यातलं दगड डोक्यावर आणलं, गड्यांनी भिंती घातल्या."

आता आमची पोरं परत तिथंच चालत जाणार. आत बसवतील, ते खरं. पर मला ह्या सगळ्याचा लई कटाळा आलाय.

"तुम्ही शिकलात का इथं?"

"एक दिस." मला हसू आलं. तवा शाळा नवी, साहेब तपासणीला येणार व्हता. वीस पोरं दिसली तरच शाळा मंजूर, आन भरली एकोणीस. सावळेराम गुरुजींनी मला गोठ्यातनं आणलं, कडंवरच्या धाकल्या भावासकट, संपतसकट बसवलं. साहेबानं डोकी मोजली, गेला. दुसऱ्या दिशी मी परत शेण काढाया.

बाईनं जुनं रजिस्टर काढलं, पानावर बोट फिरवत थांबली. "गोजर चिमाजी. विसावं नाव." मग शेवटचा रकाना बघून म्हणली, "आजी, शाळा सोडल्याची तारीखच नाही. तुमचं नाव कुणी कमी केलंच नाही."

"म्हंजी मी अजून शाळंत?"

"कागदावर आहात."

साठ वर्सं झाली. मला रागच आला. ह्या भिंती दर साली मी सारवल्या, अन् कुणी सांगितलं न्हाई, गोजर, आत बस, तुझं नाव हाय.

"मंग पाच पोरं धर की. तवा माझ्यानं पट भरला, आताबी भरंल."

"आता नाही चालत, आजी. मी तीनदा ऑफिसात जाऊन आले." तिनं पेन काढला. "रजिस्टर उद्या जमा करायचंय. रकाना रिकामा ठेवता येत नाही. सोडल्याचं कारण काय लिहू? मुलींपुढं घरकाम लिहायचे तेव्हा."

"घरकाम लिवू नगं. मी न्हाई सोडली शाळा. त्या चार पोरांच्या दाखल्यावर काय लिवलंस?"

"शाळा बंद."

"तेच लिव माझ्यापुढंबी. आन मलाबी दाखला दे."

बाईनं डोळं पुसलं, दाखला लिवला, शिक्का मारला. घरी येऊन मी तो रेशनकार्डाच्या पिशवीत ठिवला. साठ वर्सांनी शाळा सुटली, आन तीबी माझ्या मनानं न्हाई.