मरायचा तो धाकटा

आई गेल्यावर भेटायला आलेल्या लोकांपैकी निम्म्यांनी तिच्या काचेच्या कपाटाकडे बघून "अगंबाई, किती गोड!" म्हटलं, आणि त्या प्रत्येकाचा मी मनातल्या मनात खून केला.

यात माझा दोष कमी, आईच्या शेवटच्या चित्रपटाचा जास्त. त्यात पिवळा स्वेटर घातलेलं एक कापडी कोकरू आहे. गालगुच्चा घेऊन जो कोणी त्याला "किती गोड" म्हणतो तो पुढच्या प्रसंगात मरतो. दातांचा डॉक्टर मरतो, पियानो शिकवणारी बाई मरते, मुलाची आत्या तर दोनदा म्हणते, म्हणून ती जरा सावकाश मरते. दर वेळी कोकरू मान तिरकी करून बघतं आणि बघणाऱ्याला त्याला कडेवर घ्यावंसं वाटतं. आईचं काम एवढंच होतं, की नखशिखांत रक्ताने माखल्यावरही ते कडेवर घ्यावंसं वाटलं पाहिजे.

जन्मभर तिने असलीच जनावरं शिवली. कुऱ्हाडवालं बदक, शाळेची आख्खी बस फस्त करणारं डुकराचं पिल्लू, विणायच्या सुया घेऊन म्हाताऱ्यांच्या मागे लागणारी मांजर. शेजारच्या काकूंना ती सांगायची, "मी मऊ खेळणी करते." खोटं नव्हतं ते.

प्रत्येक प्राणी ती तीनदा शिवायची. थोरला चेहऱ्याचा, म्हणजे कॅमेरा अगदी जवळ येतो तेव्हाचा. मधला हाणामारीचा. आणि धाकटा मरायचा. बदक असो नाहीतर मांजर, तिच्या तोंडी ही तीनच नावं. "आज धाकट्याला जाळलं," असं ती जेवताना सांगायची आणि आमटी वाढायची. मी एकुलती एक. आपण थोरले की धाकटे, हे विचारायचं धाडस मला कधी झालं नाही. चित्रीकरण संपलं की थोरला घरी यायचा आणि कपाटात बसायचा. बदकाचा एक डोळा दुसऱ्यापेक्षा खाली आहे, डुकराचं हसू डाव्या गालावर घसरलंय. मला ती आईची शैली वाटायची. कॉलेजात मी शोकांतिका शिकवते. एका व्याख्यानात त्या घसरलेल्या हसण्यावर मी बरंच काही बोलले होते. आई पहिल्या रांगेत बसली होती. रुमालाने तोंड झाकून. तिला भरून आलंय, असं मला वाटलं.

तिची दुसरी खोड म्हणजे चोरी. नवा कापूस भरला तर प्राणी उशीसारखा पडतो, जुने कपडे कातरून भरले तर त्याच्या अंगाला वजन येतं, असं तिचं मत. त्यामुळे आमच्या घरात हरवलेली वस्तू शोधायची नसे, कोणाच्या पोटात गेली ते विचारायचं. वडिलांचा मफलर बदकाने पचवला. गेल्या हिवाळ्यात माझा हिरवा स्वेटर गायब झाला तेव्हा मी सरळ तिच्याकडे गेले.

"मी कशाला घेऊ?" ती म्हणाली. "हिरवा रंग मला बघवत नाही."

"आई."

"त्या धुलाईवाल्याला विचार. त्याचे डोळे मला पहिल्यापासून चोरटे वाटतात."

मी त्या गरीब माणसाशी इतकी भांडले की अजून त्याच्या दुकानासमोरून जाताना मी फोनवर बोलत असल्याचं सोंग करते.

आई कामाच्या टेबलाशीच गेली. बोटात अंगुस्ताना, समोर धाकट्याचं कापड कापून ठेवलेलं. थोरला आणि मधला केव्हाच तयार होऊन चित्रीकरणाला गेले होते. डॉक्टर म्हणाले, काही कळलंही नसेल. मला ते खरं वाटत नाही. तिला सगळं कळायचं.

दहा-बारा दिवसांनी दिग्दर्शक आला. हा सहा फुटांहून उंच, पिंपासारखा रुंद माणूस. सगळे त्याला पिल्लू म्हणतात. पडद्यावर तो माणसं मुळासकट उपटतो, पण खरं रक्त दिसलं की त्याला घेरी येते. तो सोफ्यावर बसला आणि हमसून रडला. मी पाणी दिलं. ते पिऊन तो पुन्हा रडला. मग नाक पुसत म्हणाला, "ताई गेल्या. आता बोलू नये, पण धाकटा…"

"कापलाय. शिवलेला नाही."

"वाटलंच मला." त्याने उसासा टाकला. "शेवटचा प्रसंग तेवढा राहिलाय. कोकरू फांद्यांचा चुरा करायच्या यंत्रात पडतं. आता शेवटच बदलावा लागेल. पोलीस येतात आणि त्याला पकडून नेतात."

"कोकराला? पोलीस?"

"छोट्या बेड्या करून घेऊ."

आई असती तर तिने त्या बेड्या त्यालाच घातल्या असत्या. "शिवते मी," मी म्हटलं.

"तुम्हाला येतं?"

"आईने शिकवलंय." शिकवलं होतं हे खरं. मी शिकले होते, असं मी म्हटलं नाही.

तिच्याच टेबलाशी बसून मी धाकटा शिवला. तिचा अंगुस्ताना मला सैल व्हायचा, म्हणून मी बोटं टोचून घेतली. कोकराच्या पोटावर पडलेलं पहिलं रक्त माझंच. पोटात माझी जुनी पडद्याची कापडं भरली. कान लावले, उसवले, पुन्हा लावले. डोळे लावताना मी श्वास धरून बसले होते. एवढं करून जे झालं ते बघून कोणालाही वाटलं असतं की या प्राण्याच्या पोटात कळ आली आहे. आईचं कोकरू मान तिरकी करून बघायचं. माझ्याची मान मोडल्यासारखी दिसत होती.

सकाळी मी त्याला पिशवीत घालून चित्रीकरणाच्या जागी गेले. भाड्याने घेतलेलं घर, मागे बाग, बागेत ते यंत्र. त्याच्यापाशी रक्तवाली मावशी बादलीत हात घालून बसली होती. मावशी म्हणजे आईची मैत्रीण. आई शिवायची, मावशी माखायची, असा त्यांचा जन्माचा संसार. तिने बोट चाटून बघितलं.

"साखर जास्त झाली," ती मला म्हणाली. "माशा येतील. ये, बस. जेवलीस का नीट? तोंड बघ केवढंसं झालंय. दाखव तो धाकटा."

मी पिशवीतून काढला. मावशीने बघितला आणि पुन्हा बादलीकडे वळली. 

पिल्लू आला. त्याने धाकट्याला दोन्ही हातांत धरलं, उजेडात नेलं, परत आणलं.

"छान आहे," तो म्हणाला.

"खरं सांगा."

"लांबून घेऊ," तो हळूच म्हणाला. "झाडामागून. संध्याकाळचा उजेड धरू, थोडा धूर सोडू. काही कळणार नाही."

"आणि थोरला?"

"थोरला तुमचा. ताईंच्या हातचं शेवटचं काम ते. त्याला मी हात लावणार नाही." त्याचे डोळे पुन्हा भरले. "घेऊन जा घरी."

मला हायसं वाटलं. थोरला घरी यावा, एवढंच मला हवं होतं. बाकी सगळं मी त्यासाठीच करत होते, हे मला तेव्हा कळलं. पिल्लू दिवे लावणाऱ्यांवर ओरडायला निघून गेला.

मावशीने हात पुसले. "एक सांगू? रागावू नकोस."

"सांग ना."

"तुझ्या आईने उभ्या आयुष्यात धाकटा मारला नाही."

"म्हणजे?"

"मारायची वेळ आली की थोरला द्यायची. दर वेळी. मी रक्त लावायची ना, मला माहीत नाही? माखल्यावर पिल्लूलाही ओळखू यायचा नाही. म्हणायची, मरताना लोक डोळे फाडून बघतात. तेव्हाच चेहरा फसला तर ना हसू येतं ना भीती वाटते, माणूस नुसता खुर्चीत सरकतो. सगळ्यात चांगला तो मरायला पाहिजे."

"मग कपाटात आहेत ते?"

"धाकटे." मावशीला आता हसू येत होतं. "बिघडलेले. त्या बदकाचा डोळा बघितलास का? ती त्याला तिरळोबा म्हणायची. तू लहान होतीस, थोरल्याला मारलं म्हटलं की भोकाड पसरायचीस. म्हणून सांगायची, थोरला घरी आणलाय बघ. पुढे तू मोठी झालीस, भाषणं द्यायला लागलीस, मग कोणत्या तोंडाने सांगणार?"

मला पहिली रांग आठवली, आणि तो रुमाल.

थोरला मेकअपच्या खोलीत खुर्चीवर बसवलेला होता. मी दार लावून त्याच्यासमोर बसले. त्याच्या स्वेटरची कॉलर आईने नेहमीसारखी आतून दुमडली होती. चेहरा सरळ होता, काटेकोर, आणि इतका निष्पाप की पाहताना मला माझंच काहीतरी चुकलंय असं वाटलं. याला घरी नेलं असतं तर तो त्या तिरळ्या, घसरलेल्या मंडळींमध्ये परक्या पाहुण्यासारखा बसला असता. आणि तिच्या शेवटच्या चित्रपटाच्या शेवटी, धुरात, झाडामागून, लोक खुर्चीत सरकले असते.

मी त्याचा गालगुच्चा घेतला. "किती गोड," मी म्हटलं. काही झालं नाही. मग मी त्याला उचललं आणि बाहेर नेऊन मावशीच्या मांडीवर ठेवलं.

"माख," मी म्हटलं.

पिल्लूने मला तीनदा विचारलं. तिसऱ्यांदा मी त्याला सांगितलं, आता पुन्हा विचारलंत तर आधी तुम्हाला घालू. त्याने कॅमेरा जवळ आणला, आणखी जवळ, थोरल्याच्या नाकापर्यंत. टेक एकच मिळणार होता.

यंत्र सुरू झालं. थोरला पायांकडून आत जाऊ लागला. आत जाताना त्याने मान तिरकी केली. कोणी केली नव्हती, यंत्राच्या ओढीने झाली. दिवेवाल्यांपैकी कोणीतरी "अरेरे" म्हणालं आणि फिस्सकन हसलं, आणि त्याच्या हसण्यात रडू मिसळलेलं ऐकू आलं. बरोबर तिथेच, आईला हवं होतं तिथे. मग डोकं गेलं. यंत्राच्या दुसऱ्या तोंडातून पिवळं, लाल, पुन्हा पिवळं उडालं, आणि त्यामागून हिरवं.

हिरवी लोकर. ढीगभर. ती माझ्या केसांत आली, चष्म्यावर चिकटली, पिल्लूच्या दाढीत अडकली. एक बटण टप्पकन माझ्या पायाशी पडलं. ते मी स्वतः निवडून शिवून घेतलं होतं.

"कट!" पिल्लू ओरडला आणि रडायला लागला.

मी बटण उचललं. "मावशी, हा माझा स्वेटर."

"हो का?" मावशी बादली उचलायला वाकली.

"तुला माहीत होतं."

"मला कसं माहीत असणार?" ती बादलीतच बोलत होती. "बाह्या तेवढ्या मी कातरल्या."

"चोरट्या," मी म्हटलं. "दोघी चोरट्या." आणि आई गेल्यापासून पहिल्यांदा माझ्या घशातून आवाज निघाला, आधी हसण्याचा, मग कसला ते मलाही सांगता येणार नाही. मावशीने मला जवळ घेतलं. माझ्या पाठीवर तिचे दोन्ही पंजे उमटले असणार, कारण घरी जाताना बसमध्ये माझ्या शेजारी कोणी बसलं नाही.

वाटेत धुलाईच्या दुकानाशी उतरून मी त्या माणसाची माफी मागितली. अंगावर रक्त, केसांत हिरवी लोकर. त्याने काही न विचारता सगळं कबूल केलं, जे त्याने केलंच नव्हतं तेसुद्धा.

धाकट्याला मी त्याच्या पिवळ्या स्वेटरसकट कपाटात बसवलं, बदक आणि डुक्कर यांच्यामध्ये. तिघांचे डोळे तीन दिशांना. संध्याकाळी शेजारच्या काकू डबा परत न्यायला आल्या. कपाटासमोर थांबल्या.

"हे नवीन दिसतंय. आईंनीच केलेलं का?"

"नाही. मी."

काकू बराच वेळ बघत राहिल्या. त्या सज्जन बाई आहेत. त्या काहीतरी शोधत होत्या हे दिसत होतं. माझ्या हातात अजून ते बटण होतं.

"स्वेटर छान आहे," शेवटी त्या म्हणाल्या.

काकू वाचल्या.