नादूरचा काळा डोंगर

आईच्या नादूर गावात दगड-माती नव्हती. कानडीत ऊर म्हणजे गाव आणि नादाने वसलेलं ते नादूर, अशी तिची सरळ फोड. तिथे माणसाने तोंड उघडलं की आवाजात जी भावना असेल, तसं काहीतरी उभं राहायचं. मायेने बोललं की गवत, हसलं की तळं, खोटं बोललं की धुकं आणि रागावलं की काळा डोंगर. अण्णांचा पारा चढला की आई दोघी मुलींना स्वयंपाकघरात ओढायची आणि हळूच सांगायची, "आज तिकडे चांगला मोठा डोंगर झाला बघा. उद्या हसून हसून झिजवू." पुढे अण्णा गेले, मुली मोठ्या झाल्या, आणि थोरल्या अहल्येच्या डोक्यातून नादूर जवळजवळ पुसलं गेलं. धाकट्या मनस्विनीच्या डोक्यात ते राहिलं. तिने त्यावर कॉम्प्युटर गेम बनवला.

बंगळूरच्या हेब्बाळ भागातल्या ज्या कंपनीत ती आवाजाचं काम करायची, तिथे एका शनिवारी घरच्यांना गेम दाखवायला बोलावलं होतं. अहल्या चिकपेटच्या बाजारामागच्या घरून आईची इरकल नेसून निघाली. आईला जाऊन अजून वर्ष व्हायचं होतं. बहिणीने आईचं गाव उभं केलं याचं तिला मनापासून कौतुक होतं, हे आधीच सांगितलेलं बरं. नंतर जे झालं त्यावरून कोणी तिला जळकी म्हणायला नको.

खोलीत भिंतभर पडदा होता; मनस्विनी बाजूला उभी होती. तिथेच काम करणाऱ्या, पुण्याहून आलेल्या तनय नावाच्या मुलाने अहल्येसमोर माइक ठेवला. "मावशी, काहीही बोला. शब्दांना महत्त्व नाही. टोनवरून फीलिंग ओळखतो तो."

"स्वल्प लाजल्यासारखं होतंय रे," अहल्या म्हणाली आणि हसली. पडद्यावर खरोखरच तळं भरलं. तिला इतका आनंद झाला की आई हवी होती, या विचाराने डोळे भरून आले.

मग तनय म्हणाला, "आता आमचा डोंगर बघा." त्याने बटण दाबलं. जमीन फाडून काळा कडा वर आला आणि त्याच्या पोटातून एक बाई ओरडू लागली. "ऊठ! किती वेळा सांगायचं? आ कर! गीळ ती गोळी!"

"ऐकून सगळे टरकतात, भाषा कळत नसली तरी," तनय खुशीत सांगत होता. "मी मराठी असून हादरलो होतो. कुठली कजाग बाई मिळाली मनस्विनीला, कोण जाणे!"

तो आवाज अहल्येचा होता.

आईचे कान गेले त्याला बरीच वर्षं झाली होती. कानाचं यंत्र आणलं, तर दोन दिवसांत तिने ते कपाटात टाकलं. म्हणाली, "कानात अख्खं चिकपेट शिरतं गं." तेव्हापासून अहल्या ओरडायला लागली. जेवायला चल म्हणून ओरडायची, गोळी घे म्हणून ओरडायची, बाहेर ऊन छान पडलंय हेसुद्धा ओरडूनच. संध्याकाळपर्यंत घसा बसायचा. गल्लीतल्या बायका म्हणायच्या, अहल्या म्हातारीवर वसवस करते. ज्याचं जळतं त्याला कळतं, म्हणून तिने कधी कोणाला उत्तर दिलं नाही. बदलीवर बढती मिळत होती, तीही नको म्हणाली. मनस्विनी रविवारी यायची. आईचा हात हातात घेऊन हळू आवाजात तास-तास बोलायची, आणि आई हसून मान हलवायची. जाता जाता ती फोनवर घरातले आवाज भरून न्यायची. अहल्येला वाटायचं, आठवण म्हणून नेत असेल.

दुरून डोंगर साजरे म्हणतात. इथे दुरून आलेलीनेच डोंगर उभा केला होता.

तनय चहा सांगायला दाराशी गेला, तेव्हा अहल्या बहिणीकडे वळली. "मनू, माझा आवाज काढ त्यातून."

"अक्का, प्लीज. पुढच्या आठवड्यात गेम बाहेर पडतोय. तुझं नाव कुठेही नाहीये."

"आईला ऐकू यावं म्हणून ओरडत होते मी. तो राग नव्हता."

"तुला नसेल वाटत." मनस्विनीने मान खाली घातली, पण बोलायची थांबली नाही. "आम्ही कितीतरी लोकांना ऐकवलं. सगळे रागच म्हणाले. आणि मलाही तो तसाच ऐकू यायचा, अक्का, दर रविवारी. आईशी कोणीतरी हळू बोलावं म्हणून तर मी येत होते. आईला विचारूनच केलंय मी हे सगळं. तुझ्या आवाजाचंही विचारलं होतं. माझा हात धरून हो म्हणाली ती."

 इतकी वर्षं अहल्येने एक गोष्ट पोटात ठेवली होती. ती शेवटपर्यंत तिथेच राहायची होती. पण आता तिला बहिणीला दुखवायचं होतं, अगदी जिव्हारी लागेल असं. ती माइकजवळ वाकून बसली होती, तशीच बोलली. आवाज चढवायची आता गरज नव्हती.

"सरी, बरं, ऐक तर. तिला त्यातलं एक अक्षर ऐकू आलेलं नव्हतं. कुठल्याच रविवारी नाही. तुला वाईट वाटू नये म्हणून मान हलवायची. तू गेलीस की मला विचारायची, मनू काय म्हणत होती गं? मग मी तिच्या कानाशी ओरडून काहीतरी छान छान सांगायची. मनूला तुझी आठवण येते म्हणते. मनूला तुझ्या हातचं खायचंय म्हणते. तुझं सगळं बोलणं मीच रचलेलं, मनू."

मनस्विनीचा चेहरा पांढरा पडला.

अहल्या हे इतक्या हळू बोलली की दाराशी उभ्या तनयला काहीच कळलं नाही. माइकला मात्र सगळं ऐकू गेलं होतं. पडद्यावर, काळ्या डोंगराच्या पायथ्याशी, लुसलुशीत हिरवं गवत उगवत होतं.