परस्पर लग्न लावलेली कादंबरी

मी एक इंग्रजी कादंबरी बोलतेय. निदान माझ्या पहिल्या पानावर तसं छापलंय, आणि ते खोटं आहे. मी मूळची फ्रेंच. हे सांगताना माझा आवाज चढतो, त्याला इलाज नाही.

अठराव्या शतकात पॅरिसमधल्या एका विधवेने मला लिहिलं. इंग्लंडहून आलेली, नुसत्या पत्रांतून सांगितलेली एक कादंबरी तिने फ्रेंच अनुवादात वाचली होती. वाचून ती रडली आणि मग चिडली, कारण त्यातल्या मुलीचं कुणी ऐकतच नव्हतं. मग तिनेही पत्रांतूनच स्वतःची मुलगी घडवली, ओर्तान्स. ओर्तान्स एका उमरावाला नकार देते, लियाँ शहरात घर घेते आणि एकटी मजेत राहते. म्हणजे इंग्रजीचं थोडं रक्त माझ्यात आधीपासून आहेच. माझं भांडण त्या भाषेशी नाही. भल्या घरच्या बाईने नाव छापायची रीत नव्हती, म्हणून लेखिकेच्या नावाजागी तीन चांदण्या छापल्या गेल्या.

लंडनच्या एका पाद्रीबुवाने मला इंग्रजीत नेलं. सरळ अनुवाद म्हणून नेलं असतं तर मी जन्मभर उपकार मानले असते. त्याने चांदण्या पुसल्या, मूळ फ्रेंचचा उल्लेख गाळला, ओर्तान्सची हॅरिएट केली. शेवटची बारा पत्रं कापून टाकली आणि त्या जागी स्वतः चार पानांचं लग्न लिहिलं. लग्न कुणाशी, तर जिला ती स्पष्ट नाही म्हणाली होती त्याच उमरावाशी. फ्रेंच कादंबऱ्यांनी मुली बिघडतात म्हणणाऱ्या आयांनी मला खुशाल लेकींच्या हातात दिलं. त्या लग्नावर कितीजणींनी डोळे पुसले, आणि मी आतल्या आत धुमसत राहिले.

पुढे नवऱ्यामागे सिडनीला निघालेल्या एका बाईच्या ट्रंकेतून मी इथे आले. तिच्या नातवंडांनी मला एका विद्यापीठाच्या लायब्ररीत देऊन टाकलं.

तिथे भास्कर सर भेटले. मूळचे पुण्याचे, इंग्रजीचे प्राध्यापक. शिकवायचे फार छान. पण वर्षानुवर्षं ते माझं तेच चार पानी लग्न उघडून मुलांना सांगायचे की अस्सल इंग्रजी घराची नीती बघायची तर ही बघा. मुलं लिहून घ्यायची.

मग कार्मेल आली. वसईची, मुंबईत फ्रेंच शिकलेली, इथे पीएचडी करणारी. भास्कर सर तिचे सुपरवायझर. तिने मला जुन्या पुस्तकांसाठीच्या फोमच्या उशीवर ठेवून वाचायला घेतलं आणि दुसऱ्याच पत्राशी अडखळली. ते वाक्य इंग्रजीत सुचलेलं नाही, हे तिला जाणवलं. कित्येक महिने ती मूळ शोधत राहिली. शेवटी फ्रान्समधल्या एका लायब्ररीने माझ्या थोरल्या बहिणीच्या, म्हणजे मूळ फ्रेंच प्रतीच्या, पानांचे फोटो पाठवले. कार्मेलने लॅपटॉप माझ्या शेजारी ठेवला. बाराच्या बारा पत्रं तिथे होती. वाचता वाचता तिची कानशिलं लाल झाली.

सरांनी आधी ते हसण्यावारी नेलं. मग पुरावे मागून घेतले. मग म्हणाले, थीसिस होईपर्यंत कुठे छापू नकोस, घाई नको. तिने ऐकलं.

पुढच्याच सेमिस्टरला लायब्ररीने माझं प्रदर्शन लावलं. मला काचेच्या पेटीत ठेवायला कार्मेलच आली, आणि पेटीवरची पाटी वाचून जागीच थांबली. पाटीवर शोध भास्कर सरांच्या नावावर होता. खाली बारीक अक्षरांत, साहाय्य: कार्मेल.

तिने तिथूनच ल्यूकला, नवऱ्याला, फोन लावला. तो सिडनीतच वेस्टमीडला हॉस्पिटलच्या लॅबमध्ये कामाला. स्पीकरवर त्याचा आवाज काळजीतला होता.

"जाऊ दे गं. प्रोग्रेस रिपोर्टवर सही त्यांचीच लागते. थीसिस सबमिट कर, मग काय ते बोल."

"हिच्या लेखिकेलाही कुणीतरी असंच समजावलं असणार," कार्मेल म्हणाली आणि फोन ठेवला.

उद्घाटनाला बरीच माणसं आली. सरांनी आपल्याला हे कसं सुचलं ते रंगवून सांगितलं. पानं उलटायला त्यांनी कार्मेललाच उभं केलं होतं. लग्नाचं पान आलं तेव्हा तिने मला मिटलं. सगळ्यांना ऐकू जाईल अशा इंग्रजीत म्हणाली, हा शोध माझा आहे, सरांनी तो माझ्याकडून घेतलाय. तारखांसकट सगळं तिने मांडलं.

सर हळूच मराठीत म्हणाले, "कार्मेल, हे आपण नंतर बोलू."

"नंतर नाही, सर. हिचं खरं गेली अडीचशे वर्षं नंतरवरच टाकलंय."

आणि तिने मूळ प्रतीच्या फोटोंवरून ओर्तान्सचं शेवटचं पत्र वाचलं, आधी फ्रेंचमध्ये, मग इंग्रजीत. सर पत्र संपायच्या आत निघून गेले. तिने एकही ओळ गाळली नाही. इतक्या वर्षांत पहिल्यांदा माझी मुलगी स्वतःच्या तोंडाने बोलली.

कार्मेलला ते महाग पडलं. सुपरवायझर बदलावे लागले, दोन प्रकरणं नव्याने लिहावी लागतायत. चौकशी झाली, पाटी बदलली, शोधासमोर तिचं नाव आलं. सर अजून शिकवतात, ती कॉरिडॉरमध्ये दिसली की फोनमध्ये बघतात. लायब्ररीच्या कॅटलॉगमध्ये मी मात्र अजून इंग्रजीच आहे. ते बदलायला म्हणे समितीची बैठक लागते.

माझा राग गेलेला नाही, जाऊही नये. तुम्ही कधी मला हातात घेतलंत, तर लग्नाची घंटा वाजायच्या आधी थांबा. ती चार पानं वाचू नका. लियाँमधल्या त्या घरात ओर्तान्स खिडकी उघडून बसली आहे, आणि तिला कुणाची वाट बघायची नाहीये.