राजवाड्यांची निजवेल

निजवेलीचा नियम भोपाळात शाळकरी पोरालाही ठाऊक आहे. विकत आणलेली वेल नुसत्या जांभया देते. भेट मिळालेली वेल असलेली झोपही पळवून लावते. चोरून आणलेली असेल, तरच तिच्याजवळ बसणारा माणूस गाढ झोपतो. वनस्पतीने इतकं आडमुठं का असावं, याचा खुलासा कोणी केलेला नाही. माझी नोकरी बांधकाम खात्यात झाली, त्यामुळे आडमुठ्या नियमांचं मला आश्चर्य वाटत नाही. वैताग मात्र येतो.

माझी बायको अनुराधा झोपत नव्हती. तुलसी नगरच्या सरकारी क्वार्टरमध्ये उशीला डोकं टेकलं की घोरायची. मी निवृत्त झालो, क्वार्टर सोडलं, कोटरा सुल्तानाबादला फ्लॅट घेतला. सामान सगळं आलं, तिची झोप तेवढी आली नाही. डॉक्टर झाले, गोळ्या झाल्या, काशाच्या वाटीने तळपायाला तूप चोळून झालं. एकदा गॅसवरचं दूध करपलं आणि ती रडायला लागली. दूध करपलं की माझ्यावर ओरडणारी बाई ही. ती रडली म्हटल्यावर मी घाबरलो.

बिट्टन मार्केटच्या हाटातून एक वेल विकत आणून पाहिली. दोघंही दिवसभर तोंड वासून बसलो, झोप काही नाही.

आमच्या वरच्या मजल्यावर नरहर राजवाडे आणि कुसुमवहिनी राहतात. मूळचे ग्वाल्हेरचे. त्यांची निजवेल आजोबांनी कुठल्याशा बागेतून रीतसर चोरलेली. मी पाहणीला गेलो आणि घोडचूक केली. म्हणालो, "वेल छान आहे हो तुमची!"

ग्वाल्हेरच्या माणसासमोर त्याच्या वस्तूचं कौतुक करू नये. चप्पल पायात घालेपर्यंत माझ्या हातात त्या वेलीच्या रोपाची कुंडी होती.

"अहो नको, मी सहज म्हणालो."

"भाईसाहेब, इतका तकल्लुफ कशाला? घरचीच गोष्ट आहे."

भेटीची वेल घरात आल्यापासून माझीही झोप गेली. टाकून देता येईना, कारण राजवाडे रोज सकाळी दारातून डोकावून विचारत, "वेल लागली का?" सुकतेय असं खोटंच सांगितलं, तर त्यांनी आणखी दोन आणून दिल्या.

आता चोरीच करायला हवी होती. दुपारी राजवाड्यांकडे सामसूम असते, जाळीचं दार नुसतं लोटलेलं. कात्री घेऊन आत शिरलो, गॅलरीतल्या वेलीपर्यंत पोचलो, एक कोवळा फुटवा निवडला.

जागा झालो तेव्हा अंगावर शाल होती, डोक्याखाली लोड होता आणि समोर राजवाडे चहाचा कप धरून बसले होते. वेल चोरायला वेलीजवळ जावं लागतं, याचा विचारच कोणी केला नव्हता.

कात्री हातातच असल्यामुळे सगळं सांगावं लागलं.

"बस, इतकंच?" राजवाडे म्हणाले. "मग चोरा ना! मी डोळे मिटतो." आणि खरंच मिटले.

"अहो, तुम्ही परवानगी दिलीत की ती भेट झाली!"

"बरं, मग मी चोर चोर म्हणून ओरडतो."

"ओरडून काय होणार? तुम्हाला राग यायला हवा."

"वहिनींसाठी नेताय, त्याचा राग कसा येणार?" ते एकदम उत्साहाने म्हणाले, "त्यापेक्षा असं करा, वहिनींना इथेच झोपायला पाठवा की!"

मी चौथी कुंडी घेऊन खाली आलो.

"लोकांच्या घरी जाऊन झोपू?" अनुराधा कडाडली. "माझं काय घरदार नाही? आणि तुम्हाला साधा एक फुटवा चोरता येत नाही! एवढी वर्षं खात्यात केलंत काय?"

"तिथे ते काम दुसऱ्यांकडे होतं."

"हसू नका. त्या माणसाला आता मीच सुनावते. भलेपणालाही काही सीमा असते!" पदर खोचून ती जिना चढली.

वरून तिचा आवाज स्पष्ट ऐकू येत होता. "माणसानं समोरच्याला हवंय काय ते तरी बघावं! नुसतं आपलं घ्या, घ्या! उद्या तुम्ही..." इथे वाक्य तुटलं. पुढे काहीच नाही.

मी वर धावलो. गॅलरीतल्या वेताच्या खुर्चीत अनुराधा मान टाकून झोपली होती. समोर दिवाणावर राजवाडे आणि कुसुमवहिनी, निमूटपणे बोलणी खाणाऱ्या माणसांच्या चेहऱ्यानं, झोपलेले.

मालक झोपलेला, त्याची परवानगीही झोपलेली. चोरीला याहून चांगली वेळ मिळाली नसती. श्वास रोखून पुढे झालो. चांगला फुटवा एकच होता आणि त्यानं अनुराधाच्या खांद्यावरून जाऊन तिच्या वेणीला विळखा घातला होता. कापायला गेलो असतो तर तिला हिसका बसला असता. तेवढ्यात ती घोरली. तुलसी नगरनंतर पहिल्यांदाच.

मला जांभई आली तसा मी बाहेर पडलो, दार हळूच लोटलं आणि जिन्यात बसलो. ती संध्याकाळ मी फार वैतागात काढली. कुरियरवाला घंटीकडे हात नेत होता, त्याचा हात धरला. चौथ्या मजल्यावरची मुलं क्रिकेटवरून भांडत आली, त्यांना चॉकलेट कबूल केलं. भाजीवाला खाली "लौकी ले लो!" ओरडायला लागला, तेव्हा धावत जाऊन त्याच्याकडून तीन दुधी घेतले. दुधी आमच्याकडे कोणी खात नाही.

दिवेलागणीला दार उघडलं. अनुराधाच्या गालावर वेताच्या जाळीची नक्षी उमटली होती. जिन्यात मी आणि माझ्या मांडीवरचे दुधी बघून ती थबकली.

"सांगितलंस त्यांना?" मी विचारलं.

"नीट बोलणंच झालं नाही," केस सारखे करत ती म्हणाली. "उद्या दुपारी परत जाऊन सुनावावं लागेल."